अर्नी बार्न्सची चित्रं आणि आपला सौंदर्याचा प्रश्न

अर्नी बार्न्स या काळ्या अमेरिकन चित्रकाराबद्दल जिथं जिथं लिहून येतं, तिथं एक वाक्य ठरलेलं असतं. आधी धंदेवाईक खेळाडू होता, मग कलावंत झाला. जसं काही माणूस गटारात राबत होता, वर आला, अंघोळ केली आणि देवळात गेला. खेळ म्हणजे अंगमेहनत, ती खालची. चित्र म्हणजे बुद्धी, प्रतिभा, ती वरची. ही उतरंड आपल्याला कुणी नव्यानं समजावून द्यायला नको. हातानं राबणारा खाली आणि हाताला माती न लागणारा वर, हाच तर इथला हजारो वर्षांचा धंदा आहे. त्यामुळं बार्न्सविषयीचं ते वाक्य वाचलं की डोक्यात जातं.

माझं म्हणणं सरळ आहे. बार्न्स खेळ मागं टाकून चित्रकार झाला नाही. राबणाऱ्या, आदळणाऱ्या, मार खाणाऱ्या अंगाला जे कळलं होतं तेच त्यानं रंगात आणलं. आणि दुसरं म्हणजे, त्यानं काळ्यांच्या गरीब वस्तीतलं सौंदर्य रंगवलं, म्हणून त्याला ‘विद्रोह नसलेला’ ठरवून बाजूला सारायचं का? हा प्रश्न त्याच्यापुरता नाही. आपण काय लिहावं, कशाला दलित साहित्य म्हणावं, याच्याशी तो येऊन भिडतो. म्हणून दोस्तांनो, या परक्या मुलखातल्या माणसाची गोष्ट जरा बारकाईनं बघू.

बार्न्सचा जन्म १५ जुलै १९३८ चा. गाव डरहॅम, राज्य नॉर्थ कॅरोलायना. वस्तीचं नावच ‘द बॉटम’, म्हणजे तळ. बाप लिगेट अँड मायर्स या तंबाखू कंपनीत माल रवानगीचा कारकून. आई फॅनी ही फ्रँक फुलर नावाच्या बड्या वकिलाच्या घरी नोकरमाणसांवर देखरेख करायची. पोरगा कधीमधी आईबरोबर त्या घरी जायचा. वकिलानं त्याला चित्रांची पुस्तकं चाळू दिली, पाश्चात्त्य शास्त्रीय संगीत ऐकू दिलं. मायकेलएंजेलो, रुबेन्स, देलाक्रुआ, तुलूज-लोत्रेक ही नावं त्याला कोवळ्या वयातच ओळखीची झाली.

इथं पांढरपेशा समीक्षक हमखास डोळे पुसतो. बघा, मालक किती दयाळू! असेलही दयाळू, नाही कोण म्हणतो? पण काळ्यांची शाळा वेगळी, बसमधली जागा वेगळी, पाणी प्यायचा नळ वेगळा, असा तो मुलूख. पुस्तकात छापलेलं चित्र बघायची मुभा होती, भिंतीवर टांगलेल्या अस्सल चित्रापुढं उभं राहायची वाट या पोराला बंद होती. एका माणसाच्या दयेनं पुस्तक मिळतं. दार उघडायला कायदा मोडावा लागतो. हा फरक आपण विसरायचा नाही.

पोरगा लठ्ठ, लाजाळू. खेळात निवडला जायचा नाही, पोरं टिंगल करायची, मारायची. तो वही घेऊन कोपऱ्यात लपायचा आणि चित्रं काढत बसायचा. तिथं त्याला एका मास्तरानं हेरलं. हा मास्तर शाळेत गवंडीकाम शिकवायचा आणि पोरांकडून वजनंही उचलून घ्यायचा. त्यानं या पोराला व्यायामाला लावलं. हिलसाइड हायस्कूलमधून बाहेर पडेपर्यंत बार्न्स फुटबॉल संघाचा कप्तान झाला होता आणि गोळाफेकीत राज्यात पहिला आला होता. २६ कॉलेजांनी शिष्यवृत्ती देऊ केली. तो गेला घराजवळच्या नॉर्थ कॅरोलायना कॉलेजात. हे काळ्यांचं कॉलेज. शिष्यवृत्ती खेळाची, विषय घेतला चित्रकला. म्हणजे बघा, दोन्ही गोष्टी सुरुवातीपासून एकाच अंगात नांदत होत्या. ‘आधी’ आणि ‘मग’ ही भानगड लिहिणाऱ्यांनी नंतर घातली.

कॉलेजात त्याला एड विल्सन नावाचे शिल्पकार शिकवायला होते. त्यांनी त्याला एक गोष्ट सांगितली ती त्याला जन्मभर पुरली. खेळताना तुझ्या अंगाला आतून काय वाटतं तिकडं लक्ष दे, असं त्यांचं सांगणं. मला वाटतं, बार्न्सच्या सगळ्या चित्रांची किल्ली इथं आहे. बाकीचे चित्रकार खेळाडूकडं बाहेरून बघतात. बाकावर बसून, वही मांडीवर घेऊन. या माणसाला सांगितलं गेलं की तू आतून बघ. तुझा खांदा, तुझी कंबर, तुझा घोटा हेच तुझे डोळे.

त्याच काळातली, १९५६ ची एक गोष्ट. कॉलेजची सहल रॉली शहरातल्या राज्याच्या कलासंग्रहालयात गेली. अठरा वर्षांच्या बार्न्सनं तिथल्या बाईला विचारलं, इथं काळ्या चित्रकारांची चित्रं कुठं लावलीत? तुमचे लोक अशा तऱ्हेनं व्यक्त होत नाहीत, असं उत्तर आलं. ती बाई शिवी देत नव्हती. तिला ते खरंच वाटत होतं आणि तेच जास्त भयंकर आहे. शिवीला उलटी शिवी देता येते. ‘तुमच्यात ते नसतंच’ या समजुतीला नुसत्या शिवीनं उत्तर देता येत नाही, ते काम करूनच द्यावं लागतं. आपल्याकडच्या विद्वानांनीही बरीच वर्षं विचारलंच की, यांच्याकडं कसलं आलंय साहित्य? २३ वर्षांनी, १९७९ साली, बार्न्सचं एकट्याचं प्रदर्शन त्याच संग्रहालयात लागलं आणि राज्याचे गव्हर्नर जिम हंट तिथं हजर होते.

त्याचं पहिलं विकलं गेलेलं चित्र ‘स्लो डान्स’. घेणारा एक बास्केटबॉलपटू, बोस्टन सेल्टिक्सचा सॅम जोन्स. तोही बार्न्सच्याच कॉलेजात शिकलेला. किंमत ९० डॉलर. पुढं जोन्सच्या घराला आग लागली त्यात ते चित्र गेलं. पण हे ध्यानात ठेवू या की या चित्रकाराचा पहिला गिऱ्हाईक कुठला दर्दी श्रीमंत नव्हता. अंगावर कमावणारा त्याच्यासारखाच काळा माणूस होता.

आता खेळाकडं येऊ. बार्न्सचा फुटबॉल म्हणजे आपल्या मैदानावरचा फुटबॉल नाही. अमेरिकन फुटबॉलमध्ये अंडाकृती चेंडू हातात घेऊन पळायचं असतं आणि समोरच्यांनी पळणाऱ्याला आडवा पाडायचं असतं. त्यात बार्न्सची जागा होती ‘गार्ड’ची. गार्डनं सहसा चेंडू हातातसुद्धा घ्यायचा नसतो. समोरून येणारे धिप्पाड गडी छातीवर झेलायचे, अडवायचे, वाट करून द्यायची. त्या वाटेनं दुसराच कुणी पळतो, टाळ्या त्याला. गार्डनं ६० मिनिटं मार खाल्ला तरी त्याचं नाव फारसं कुणी घेत नाही. वाट चुकून बंद झाली तर मात्र सगळे त्याच्याकडं बोट करतात. गिरणीत राबलेल्याला हा हिशोब समजावायची गरज नाही. कापडावर मालकाचा शिक्का, तुटलेल्या धाग्यावर कामगाराचं नाव.

१९५९ च्या डिसेंबरात वॉशिंग्टन रेडस्किन्स या संघानं त्याची निवड केली. थोड्याच वेळात त्यांना कळलं की हा गडी काळा आहे, आणि निवड मागं घेतली. त्या संघाचं नाव म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांना दिलेली शिवी. ती शिवी टाकून द्यायला त्यांना २०२० साल उजाडलं. काळ्या खेळाडूंना घेण्यात तो संघ सगळ्यात शेवटचा होता, १९६२ पर्यंत अडून बसलेला. बार्न्सला मग बाल्टिमोर कोल्ट्सनी घेतलं.

कोल्ट्सनी त्याला २७ डिसेंबर १९५९ चा अंतिम सामना बघायला बोलावलं. तिथून परतल्यावर त्यानं झपाट्यात एक चित्र काढलं, ‘द बेंच’. नाव सांगतं तेच चित्रात आहे. मैदान नाही, विजय नाही. बाकावर बसलेले खेळाडू. आपली पाळी येईल की नाही याची वाट बघणारी अंगं. अजून खेळात उतरलासुद्धा नव्हता तेव्हा या पोरानं जिंकणारा रंगवला नाही, ताटकळणारा रंगवला. गिरणीच्या फाटकाशी बदली म्हणून उभं राहिलेल्या माणसाचे खांदे ज्यानं पाहिलेत त्याला हे चित्र कळेल. हातात काम नसलेलं अंग सैल पडत नाही, उलट आखडतं. हे चित्र बार्न्सनं जन्मभर विकलं नाही. तो गेल्यावर २०१४ साली त्याच्या बायकोनं ते फुटबॉलच्या हॉल ऑफ फेमला दिलं.

कोल्ट्समध्ये तो टिकला नाही. १९६० साली न्यूयॉर्क टायटन्सकडं गेला. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात ह्यूस्टनमधल्या सामन्यात त्याचा जोडीदार हॉवर्ड ग्लेन जबर जखमी झाला आणि त्याच दिवशी मेला. मान मोडली होती. बार्न्सनं लगेच संघ सोडायची परवानगी मागितली. पुढं सॅन डिएगो चार्जर्स, मग डेन्व्हर ब्रॉन्कोज. सोबतचे गडी त्याला ‘बिग रेम्ब्रां’ म्हणायचे. डेन्व्हरमध्ये संघाच्या बैठकीत चित्रं काढताना सापडला की ५० डॉलर दंड. १९६५ साली कॅनडात खेळायला गेला, तिथं पाय मोडला आणि खेळ संपला. वय २७.

ही पाच-सहा वर्षं म्हणजे ‘वाया गेलेली’ वर्षं नाहीत. हीच त्याची शाळा. त्याच्या एका लेखाचा मथळा होता, ज्या खेळावर माझं प्रेम आहे त्याचाच मला तिटकारा आहे, अशा अर्थाचा. आपल्या कामाबद्दल यापेक्षा खरं कोण काय बोलेल? मी सूतगिरणीत रिंग फ्रेमवर काम करतो. तुटलेला धागा बोटं सांधतात तेव्हा डोळे दुसरीकडं असतात. बोटांना कळलेलं असतं. त्या कळण्याचा मला अभिमान आहे. आणि ज्या रीतीनं ते माझ्याकडून पिळून घेतलं जातं त्याचा रागही आहे. अभिमान आणि राग, दोन्ही एकाच बोटांत. बार्न्सची खेळाची चित्रं अशीच आहेत.

ती चित्रं डोळ्यांपुढं आणा. माणसं ताणलेली आहेत. हात मापापेक्षा लांब, पाठ धनुष्यासारखी, मांडीच्या पेशी दोरखंडासारख्या पिळलेल्या. समीक्षक याला ‘निओ-मॅनरिझम’ म्हणतात. युरोपात सोळाव्या शतकात शरीरं अशी लांबवून काढायची एक तऱ्हा होती, तिचं हे नवं रूप, असा त्याचा अर्थ. फुलर वकिलाच्या घरची पुस्तकं बघता ते खोटंही नाही. पण नुसतं तेवढंच म्हणून थांबलं की घोळ होतो. छातीवर शंभर-सव्वाशे किलोचा गडी आदळतो तेव्हा आपला हात खरोखर केवढा असतो, हे फूटपट्टीनं मोजता येत नाही. त्या क्षणी तो हात आतून जितका लांब वाटतो तितका बार्न्स काढतो. बाहेरून बघणाऱ्याला ती अतिशयोक्ती वाटेल. राबणाऱ्याला ते माप बरोबर वाटतं. डबल ड्युटी करून बाहेर पडलेल्या माणसाला त्याची पाठ केवढी आहे ते विचारा.

खेळ संपल्यावर बार्न्स थेट संघमालकांच्या बैठकीत गेला आणि मला तुमचा चित्रकार म्हणून ठेवा म्हणाला. न्यूयॉर्क जेट्सचे मालक सॉनी वर्बलिन यांनी त्याची चित्रं जाणकारांना दाखवली आणि त्याला पगारावर घेतलं. खेळू नको, चित्रं काढ. १९६६ साली न्यूयॉर्कच्या ग्रँड सेंट्रल आर्ट गॅलरीत त्याचं पहिलं मोठं प्रदर्शन झालं. इथं आपल्यातला कुणी म्हणेल, हे काय, मालकाच्या ताटाखालचं मांजर! मी एवढ्या घाईनं तसं म्हणणार नाही. पगारावर अंग विकणारा खेळाडू आणि पगारावर चित्र काढणारा चित्रकार यांत मालक तोच आहे, हे मान्य. पण पहिल्या सौद्यात मान मोडते, दुसऱ्यात मोडत नाही. गरिबाच्या पोरानं मान वाचवली म्हणून त्याला नावं ठेवायला आपण स्वतः आधी पोटाची सोय लावून बसलेलो नको.

त्याच वर्षाची आणखी एक गोष्ट. बापाला अर्धांगाचा झटका आला. बार्न्स घरी आला तेव्हा घरापुढचं लाकडी कुंपण, जे बाप नेहमी पांढरं रंगवून नीट ठेवायचा, ते रंग उडून खिळखिळं झालेलं त्याला दिसलं. बाप थोड्याच दिवसांत गेला. बार्न्सनं त्या जुन्या कुंपणाच्या फळ्या घेतल्या आणि चित्रांना चौकटी म्हणून लावल्या. पुढं कितीतरी वर्षं तो तसल्याच झिजलेल्या लाकडाच्या चौकटी वापरत राहिला. सोनेरी नक्षीच्या चौकटीत शोभणाऱ्यांच्या दुनियेत हा गडी बापाच्या कष्टाची चौकट घेऊन शिरला. तिच्यावर भाष्य करायची गरज नाही.

आता मुख्य वादाकडं. १९७२ ते १९७९ या वर्षांत बार्न्सनं ३५ चित्रांचं एक प्रदर्शन अमेरिकेतल्या मोठ्या शहरांमधून फिरवलं. नाव ‘द ब्यूटी ऑफ द घेट्टो’, म्हणजे गरीब, कोंडलेल्या वस्तीचं सौंदर्य. लॉस एंजेलिसमध्ये तो ज्यूंच्या फेअरफॅक्स वस्तीत राहायचा. ती माणसं आपल्या चालीरीती, आपली भाषा, आपला इतिहास किती ताठ मानेनं जपतात ते बघून त्याला वाटलं, आपल्या माणसांना हे कोण दाखवणार? त्यातून ही चित्रं आली. दोरीवरच्या उड्या मारणाऱ्या पोरी, नाचणारी माणसं, चर्चला निघालेली कुटुंबं, गल्लीत चेंडू खेळणारी पोरं.

१९७२ हे साल आपल्याला पाठ आहे. त्याच साली मुंबईत दलित पँथर उभी राहिली. नाव घेतलं १९६६ मध्ये ओकलंडला निघालेल्या ब्लॅक पँथर पार्टीवरून. त्या पार्टीच्या पेपरात एमरी डग्लस चित्रं काढायचा. बंदूक घेतलेली आई, डुकराच्या रूपातला पोलीस. ती चित्रं बघताना आपलं रक्त उसळतं. तिच्याशेजारी बार्न्सची नाचणारी माणसं ठेवली की कार्यकर्ता विचारणारच, इकडं कुत्री अंगावर सोडतायत, मार्टिन ल्यूथर किंगला १९६८ मध्ये गोळी घातली, आणि हा बाबा नाच काय रंगवतोय?

प्रश्न रास्त आहे. उत्तर त्याच्या सगळ्यात गाजलेल्या चित्रात शोधू, ‘द शुगर शॅक’मध्ये. डरहॅममधल्या आर्मरीत काळ्यांचा नाच व्हायचा. १९५२ च्या सुमारास हा पोरगा चोरून आत शिरला होता. त्या आठवणीवरचं हे चित्र. तुडुंब भरलेला दिवाणखाना, तपकिरी-पिवळा उजेड, मागं वाजवणारे-गाणारे, पुढं पिवळ्या झग्यातली एक बाई बेभान. हात वर, माना मागं, एकही अंग सरळ उभं नाही. आता हे कुणाचं गाव ते आठवा. तंबाखूच्या कारखान्यांचं. दिवसभर ही अंगं कारखान्याची, मालकिणीच्या स्वयंपाकघराची. वाकायचं, उचलायचं, ‘येस सर’ म्हणायचं. रात्री तेच खांदे, तीच कंबर स्वतःच्या मर्जीनं वळते. खेळाच्या चित्रात जे अंग दुसऱ्याच्या फायद्यासाठी ताणलं जातं, तेच या चित्रात स्वतःसाठी ताणलं जातं. रेषा तीच, धनी बदलला. मला हा नुसता नाच दिसत नाही. आपलं अंग परत ताब्यात घेतलेली माणसं दिसतात. डग्लस सांगतो, लढा. बार्न्स दाखवतो, कुणासाठी लढायचं. ज्यांना फक्त शत्रू ठाऊक आहे आणि आपली माणसं ठाऊक नाहीत त्यांची चळवळ लवकर आटते.

पण म्हणून मी त्याचं सगळं डोक्यावर घेत नाही. दोन भांडणं आहेत.

पहिलं, डोळ्यांचं. बार्न्सच्या बहुतेक चित्रांत माणसांचे डोळे मिटलेले आहेत. १९७१ पासून त्यानं हे ठरवून केलं. आपण एकमेकांच्या माणूसपणाबाबतीत आंधळे आहोत, असा त्याचा खुलासा. ‘शुगर शॅक’मध्ये मिटलेले डोळे शोभतात, ती धुंदी आहे. पण तो खुलासा मला पटत नाही. ‘आपण’ म्हणजे कोण? संग्रहालयातल्या त्या बाईनं त्याला पाहिलं नाही. त्यानं मात्र तिला चांगलंच पाहिलं होतं, म्हणून तर २३ वर्षं विसरला नाही. खाली असलेल्याला वरच्याकडं डोळे मिटून जगता येतच नाही. मालकाची चाल, मुकादमाचा मूड, पोलिसाची काठी, सगळ्यावर नजर ठेवावी लागते, नाहीतर जीव जातो. आंधळेपण ही वरच्यांची चैन आहे. ते सगळ्यांत सारखं वाटून टाकलं की अन्याय करणारा आणि सोसणारा एकाच रांगेत येऊन बसतात. आपल्याकडं ‘सगळ्यांनीच मनं मोठी करायला हवीत’ म्हणणारे असतात, त्या जातीचं हे बोलणं. चित्रकार चित्रात मोठा आहे, खुलाशात कमी पडला.

दुसरं भांडण ऑर्डरच्या चित्रांचं. १९८४ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकचा तो अधिकृत चित्रकार होता. १९८७ साली लॉस एंजेलिस लेकर्स या बास्केटबॉल संघाचे मालक जेरी बस यांनी त्याच्याकडून ‘फास्ट ब्रेक’ काढून घेतलं. १९९६ साली अमेरिकेच्या धंदेवाईक बास्केटबॉल संघटनेला ५० वर्षं झाली तेव्हा ‘द ड्रीम अनफोल्ड्स’. हात इथंही पक्का आहे. बास्केटबॉल तर त्याच्या रेषेसाठीच जन्मलेला खेळ, अंग जमीन सोडतं आणि हवेत लांबत जातं. पण ‘द बेंच’ काढणारा बार्न्स या ऑर्डरीत सापडत नाही. इथं तारे आहेत, ताटकळणारा नाही. सोहळा आहे, दुखरा घोटा नाही. पैसे देणाऱ्यानं तोंड बंद केलं असं मी म्हणत नाही. तशी गरजच पडत नाही. सोहळ्याचं आमंत्रण आलं की माणूस आपणहून चांगले कपडे घालून जातो. सरकारी पुरस्काराच्या यादीत नाव आल्यावर आपल्या काही मोठ्या कवींच्या ओळी कशा गुळगुळीत झाल्या, ते तुम्ही वाचलंच आहे.

आता तो लोकांपर्यंत कसा पोचला ते बघा, कारण आपल्या कामाचं तिथं बरंच आहे. बड्या कलाजगतानं त्याला बराच काळ फार मोजलं नाही. लोकांनी मोजलं. १९७४ ते १९७९ या काळात ‘गुड टाइम्स’ नावाची टीव्ही मालिका चालली. शिकागोच्या सरकारी चाळीतलं काळं कुटुंब, त्यातला थोरला पोरगा चित्रकार. त्याची म्हणून दाखवलेली चित्रं बार्न्सची. १९७६ साली मार्विन गे या गायकाच्या ‘आय वाँट यू’ या तबकडीच्या वेष्टनावर ‘शुगर शॅक’ आलं. छापील प्रती घराघरांत टांगल्या गेल्या. ज्यांनी संग्रहालयाची पायरी चढली नव्हती त्यांच्या भिंतीवर त्यांचाच नाच लागला. एमरी डग्लस आणि बार्न्स इथं एकमेकांना भेटतात. दोघांनी छापखान्यावर भरवसा ठेवला. स्टेन्सिल कापून, शाईनं हात काळे करून अंक काढणाऱ्या आपल्यासारख्यांना यात आपलं नातं दिसायला हरकत नाही.

बार्न्स २७ एप्रिल २००९ रोजी गेला. मग १२ मे २०२२ ला न्यूयॉर्कमध्ये ‘शुगर शॅक’ची १९७६ ची प्रत लिलावात निघाली. अंदाज होता दीड ते दोन लाख डॉलरचा. गेली १ कोटी ५२ लाख ७५ हजार डॉलरला. पेपरांनी लिहिलं, अखेर न्याय मिळाला. कसला न्याय? ज्याला ९० डॉलर मिळाले होते तो मरून १३ वर्षं झाली होती. बाजाराला उशिरा जाग आली, एवढंच. चित्राची किंमत त्या दिवशी वाढली. त्याचं मोल वस्तीतल्या भिंतींवर पन्नास वर्षं आधीच ठरलेलं होतं. प्रस्थापितांनी उचललं की मगच आपलं लेखन मोठं, असं मानणाऱ्या आपल्यातल्या मंडळींनी हा हिशोब दोनदा करून बघावा.

मग यातून आपण घ्यायचं काय? आपल्याकडं गेली काही वर्षं एक रिवाज पडलाय. संपादकाला दलिताकडून जखम पाहिजे. जेवढी खोल तेवढी छापायला बरी. आपणही मग जखमेचा दाखला काढून देतो, तहसील कचेरीतून काढावा तसा. मी जखम लिहू नका म्हणत नाही. ती लिहिल्याशिवाय गत्यंतर नाही, आणि ज्यांनी ती पहिल्यांदा लिहिली त्यांनी इथल्या साहित्याची कवटी फोडली. पण बार्न्सकडं बघून मला विचारावंसं वाटतं की, १४ एप्रिलच्या मिरवणुकीत हलगीवर नाचणारी आपली आजी कुणी लिहिली? गवंडी ओळंबा लावून एक डोळा मिटतो तेव्हा त्याच्या खांद्याला काय कळतं, ते कुणी लिहिलं? धुणीभांडी करून आलेल्या बाईचा हात रात्री लेकराच्या केसांतून फिरतो तेव्हा त्याच हाताचं वजन कसं बदलतं? हे लिहायला पुण्यामुंबईचा कुणी येणार नाही. आला तरी बाहेरून लिहील, वही मांडीवर ठेवून.

आणि हे लिहिताना विद्रोह कमी होईल ही भीती सोडा. ‘तुमच्यात ते नसतंच’ म्हणणाऱ्याला सगळ्यात जास्त झोंबतं ते आपलं रडणं नाही, आपलं नीट उभं राहणं. फक्त डोळे उघडे ठेवून लिहा. तेवढ्या एका बाबतीत बार्न्सचं ऐकू नका.

पुढच्या अंकासाठी प्रत्येकानं आपल्या कामाबद्दल दोन पानं लिहून पाठवावीत, असं माझं सगळ्यांना सांगणं आहे. गिरणी, गवंडीकाम, हमाली, झाडू, रिक्षा, काहीही. कामाचा त्रास लिहा, पण त्या कामात अंगाला काय येतं, काय कळतं, तेही लिहा. शुद्धलेखनाची काळजी करू नका, ते आपण बसून बघू.